वऱ्हाडचे ऊन आणि न भरणारी जखम

अकोल्याच्या उन्हाची महती अकोलेकरांना आणि अमरावतीकरांना सांगण्यासाठी कोणी व्याख्याता बोलवावा लागत नाही. मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या वर चढतो, दुपारी रस्ते ओस पडतात, आणि दुपट्ट्याने कान बांधल्यावाचून कोणी शहाणा माणूस उंबरठा ओलांडत नाही. आपली ही दोन्ही गावे विषुववृत्ताच्या उत्तरेस सुमारे २१ अंशांवर वसलेली. त्यामुळे वर्षातून दोनदा, मेच्या अखेरच्या आठवड्यात आणि पुन्हा जुलैच्या तिसऱ्या आठवड्याच्या सुमारास, सूर्य माध्यान्ही थेट माथ्यावर येतो आणि उभ्या माणसाची सावली त्याच्या पायांखाली लपते. जुलैतला तो दिवस बहुधा ढगांतच जातो, हा भाग निराळा.

या उन्हात आपला शेतकरी वखर हाकतो, डवरणी करतो. त्याची बायको आणि आई निंदण करतात, पऱ्हाटीतून कापूस वेचतात. दहाव्या-बाराव्या वर्षी वावरात गेलेला माणूस सत्तरीपर्यंत उघड्या मानेने आणि उघड्या हातांनी तेथेच राबतो. आता पाश्चात्य वैद्यकाचा कोणताही ग्रंथ उघडा. त्यात असे लिहिलेले असते की, जन्मभर उन्हात राहिलेल्या माणसाची कातडी उतारवयात जाड, सुरकुतलेली व डागाळलेली होते आणि तिच्यावर कर्करोगाच्या गाठी उठतात. हे शास्त्र खरे आहे. मग या हिशेबाने वऱ्हाडातील प्रत्येक खेड्यात अशा गाठींची म्हातारी माणसे पारावर बसलेली दिसावयास हवी होती. ती दिसत नाहीत. उलट आपल्याकडे कातडीचा कर्करोग जेव्हा येतो, तेव्हा तो पुष्कळदा अशा जागी येतो की जेथे ऊन कधी पोचलेच नाही: कमरेवर, तळपायावर, जुन्या भाजलेल्या डागावर. ही विसंगती कशी उत्पन्न झाली, ती कोणी ओळखली आणि तिच्यापासून आपण काय समजून घ्यावयाचे, एवढाच आजच्या विवेचनाचा विषय आहे.

प्रथम ऊन आणि गाठ यांचा संबंध कसा जोडला गेला ते थोडक्यात पाहू. १८९४ साली हँबुर्गचे उन्ना या त्वचारोगतज्ज्ञांनी खलाशांच्या चेहऱ्यावरील व हातांवरील कातडीचे वर्णन केले. वर्षानुवर्षे डेकवर राबलेल्या या लोकांच्या कातडीवर प्रथम खवले धरत व पुढे कर्करोग होई. फ्रान्समध्ये बोर्दोच्या परिसरात द्राक्षांच्या मळ्यांतील मजुरांविषयी द्युब्रय यांनी असेच निरीक्षण मांडले. हे झाले नुसते पाहणे. प्रयोगाचा पुरावा १९२८ साली आला. फिंडले यांनी उंदरांवर दिव्याने जंबुपार किरण, म्हणजे ज्यांना आज आपण अतिनील किरण म्हणतो ते, पाडले आणि उंदरांच्या कातडीवर कर्करोग उत्पन्न झाला. येथे एक गैरसमज दूर करावयास हवा. पारा चढविणारी उष्णता वेगळी आणि कातडीच्या पेशींतील आनुवंशिक द्रव्य तोडणारे हे किरण वेगळे. उष्माघात पहिल्याने होतो. कर्करोगास कारण होतात ते दुसरे, आणि ते थंड हवेत व डोंगरमाथ्यावरही असतात. या किरणांनी पेशीवर केलेली जखम इतकी विशिष्ट असते की, १९९१ साली ब्रॅश व त्यांच्या सहकाऱ्यांनी गाठीतल्या पेशी तपासून, पेशींच्या वाढीस आवर घालणाऱ्या एका जनुकावर उन्हाचा जणू अंगठाच उमटलेला दाखवून दिला.

या शास्त्राचा सर्वांत मोठा दाखला ऑस्ट्रेलियाचा. इंग्लंड, स्कॉटलंड व आयर्लंड येथील गोऱ्यापान कातडीची माणसे एकोणिसाव्या शतकात क्वीन्सलँडच्या उन्हात शेती करावयास गेली, आणि कातडीच्या कर्करोगाचे जगातील सर्वाधिक प्रमाण आज त्या देशात आहे. ऊन आपल्यासारखे, कातडी मात्र ढगाळ बेटांवर घडलेली. तेथील समुद्रकिनाऱ्यांवर टोपी, सदरा आणि मलम यांचा प्रचार गाणी रचून करावा लागला तो त्यामुळेच.

त्या गोऱ्या वृद्धांत आढळणाऱ्या एका दुर्मिळ गाठीचा उल्लेख येथे केला पाहिजे, कारण तिचा इतिहास मोठा शिकवणारा आहे. १८७५ साली फ्रीड्रिख मेर्केल या जर्मन शरीरशास्त्रज्ञाने कातडीच्या तळाशी स्पर्शाशी संबंधित अशा सूक्ष्म पेशी दाखविल्या. पुढे जवळजवळ शंभर वर्षांनी, १९७२ साली, सिरिल टोकर यांनी वृद्ध रुग्णांच्या कातडीवरील पाच विलक्षण गाठींचे वर्णन केले. या गाठींच्या पेशी मेर्केलच्या पेशींशी जुळतात असे नंतर दिसून आले आणि गाठीला त्याचे नाव मिळाले. ही गाठ बहुधा सत्तरीच्या पुढे, चेहरा, मान किंवा हात अशा उन्हाने जीर्ण झालेल्या जागी, लालसर किंवा जांभळट रंगाची येते. ती दुखत नाही. परंतु आठवड्यांच्या हिशेबाने वाढते आणि बगलेतील किंवा मानेतील गाठींत लवकर उतरते. उन्हाचेच हे काम, असे सर्वांनी धरून चालले होते. २००८ साली अमेरिकेत पिट्सबर्ग येथे युआन चँग व पॅट्रिक मूर यांच्या प्रयोगशाळेने दाखविले की, यांतील बहुसंख्य गाठींत एक विषाणू दडलेला असतो. हा विषाणू तुमच्याआमच्या पुष्कळांच्या कातडीवर निरुपद्रवीपणे राहतो. म्हातारपणी शरीराची राखण ढिली पडली म्हणजे क्वचित कोणा एकात उलटतो. ज्या गाठींत हा विषाणू नसतो, त्यांत उन्हाच्या खुणा भरपूर सापडतात, आणि ऑस्ट्रेलियात या दुसऱ्या प्रकारच्याच गाठी अधिक. म्हणजे एकाच नावाच्या गाठीकडे नेणाऱ्या वाटा दोन. डोळ्यांसमोर दिसणारे कारण हेच एकमेव कारण, असे मानण्याची घाई वैद्यकात नेहमीच महागात पडलेली आहे, आणि आपल्या कातडीच्या बाबतीतही हेच पाहावयाचे आहे.

आपल्या कातडीत मेलॅनिन नावाचे रंजकद्रव्य असते. काळ्या माणसाच्या कातडीत रंग तयार करणाऱ्या पेशी गोऱ्यापेक्षा अधिक असतात असे नव्हे; त्या जवळजवळ सारख्याच असतात. फरक असतो तो रंगाच्या कणांत. आपले कण मोठे, पुष्कळ आणि टिकाऊ असून ते पेशीच्या केंद्रावर टोपीसारखे बसतात. वावरात उभ्या असलेल्या माणसाच्या डोक्यावर जसा पटका, तसाच त्याच्या कातडीतील प्रत्येक पेशीच्या डोक्यावर हा रंगाचा पटका. लग्नाच्या बाजारात सावळ्या मुलीला आपण अजूनही जी वागणूक देतो ती मनात आणली म्हणजे, निसर्गाने दिलेल्या या चिलखताची आपण कशी कदर करतो ते ध्यानात येते.

हे चिलखत अभेद्य मात्र नाही. नाकाच्या बाजूस किंवा पापणीखाली म्हाताऱ्या माणसांना हळूहळू कुरतडत जाणारा एक व्रण होतो. डब्लिनचे आर्थर जेकब यांनी १८२७ साली त्याचे वर्णन केले. तो आपल्याकडेही होतो. पण आपल्या कातडीत तो पुष्कळदा काळा असल्यामुळे घरची माणसे त्याला तीळ किंवा चामखीळ समजून वर्षानुवर्षे दुर्लक्ष करतात. दुसरा अपवाद अधिक करुण आहे. जन्मतःच ज्यांच्या अंगाला, केसांना व डोळ्यांना रंग नसतो, अशी मुले आपल्याही गावांत जन्मतात. त्यांच्यापाशी हा पटका नाही. त्यांना वऱ्हाडचे ऊन ऑस्ट्रेलियातील गोऱ्यासारखेच, किंबहुना अधिकच, बाधते आणि तरुणपणीच कर्करोग होऊ शकतो. अशा मुलाला वावरात न पाठविता सावलीतला धंदा शिकविणे हा लाड नव्हे, तो औषधोपचार होय. याच्याशी कोडाची गल्लत मात्र करू नये. कोडाचे पांढरे डाग म्हणजे कर्करोगाचे आमंत्रण नव्हे, ते संसर्गजन्य तर नव्हेतच. आणि तरीही त्या डागांपायी जेवढी लग्ने मोडतात तेवढी दारूपायीसुद्धा मोडत नसतील.

तर ऊन हा आपला मुख्य शत्रू नव्हे. मग कोण?

या प्रश्नाच्या उत्तराचा उगम १७७५ सालात, लंडनमध्ये सापडतो. पर्सिव्हल पॉट या शल्यविशारदाने दाखवून दिले की, धुराडी साफ करणाऱ्या पोरांच्या अंगात मुरलेली काजळी पुढे त्यांच्या वृषणाच्या कातडीवर कर्करोग उत्पन्न करते. कर्करोग म्हणजे पूर्वकर्म किंवा रक्तातील दोष असे मानले जाण्याच्या काळात एका वैद्याने रोग्याला विचारले: तू काम काय करतोस? वैद्यकाच्या इतिहासात यापेक्षा साधा आणि यापेक्षा फलदायी प्रश्न क्वचितच विचारला गेला असेल.

हिंदुस्थानात हा प्रश्न प्रथम काश्मिरात विचारला गेला. १८६६ साली श्रीनगरातील मिशनचे डॉक्टर एल्म्सली यांनी असे नमूद केले की, काश्मिरी लोकांना पोटावर आणि मांड्यांवर कातडीचा कर्करोग होतो. कारण त्यांची कांगडी. फिरनाच्या आत, उघड्या पोटाशी धरलेली ही निखाऱ्यांची शेगडी हिवाळ्याच्या हिवाळ्यांत कातडीला चटके देत राहते; कातडी जाळीदार काळी पडते आणि म्हातारपणी तेथे व्रण उठतो. पुढे अर्नेस्ट नीव्ह यांनी असे शेकडो रोगी पाहिले व त्यांची हकीगत जगापुढे मांडली. पोटावर ऊन पडत नाही. चटका पडतो.

आता आपण महाराष्ट्रात येऊ. २८ फेब्रुवारी १९४१ रोजी मुंबईत परळला टाटा स्मारक रुग्णालय उघडले. तेथील प्रयोगशाळांची सूत्रे डॉ. वसंत रामजी खानोलकर यांच्याकडे होती. जन्म १८९५ सालचा. वैद्यकाचे शिक्षण लंडनला. १९२३ साली तेथेच विकृतिशास्त्रात एम. डी. मुंबईच्या वैद्यकीय महाविद्यालयांत अध्यापन करून ते टाटा रुग्णालयात आले होते. १९५२ साली स्थापन झालेल्या भारतीय कर्करोग संशोधन केंद्राचे ते पहिले संचालक. पुढे मुंबई विद्यापीठाचे कुलगुरुपद आणि पद्मभूषण हे सन्मानही त्यांना लाभले. १९७८ साली ते वारले. परंतु त्यांचे खरे मोठेपण माझ्या मते या मानमरातबांत नाही. शल्यविशारदाने कापून पाठविलेला तुकडा सूक्ष्मदर्शकाखाली पाहून कर्करोग आहे किंवा नाही एवढे सांगितले की विकृतिशास्त्रज्ञाचे काम संपते, असे मानणारे पुष्कळ असतात. खानोलकर तुकड्याबरोबर माणसाची माहिती मागत. हा कुठला? कोणत्या समाजाचा? काय खातो, काय चघळतो, नेसतो कसा? पारशी स्त्रिया आणि दक्षिणी हिंदू स्त्रिया एकाच शहरात राहत असूनही त्यांच्यांतील कर्करोगाच्या जागा वेगवेगळ्या का, याचा विचार त्यांनी केला. यापूर्वी हिंदुस्थानी लोकांना कर्करोग फारसा होतच नाही, तो सुधारलेल्या राष्ट्रांचा रोग, अशी समजूत प्रचलित होती. खानोलकरांनी ती खोडून काढली. रोग येथेही होता. फक्त त्याची पायवाट वेगळी होती.

१९४५ साली खानोलकर आणि त्यांच्या सहकारी बी. सूर्याबाई यांनी अमेरिकेतील विकृतिशास्त्राच्या एका नियतकालिकात एक लेख लिहिला. त्याचा विषय होता लोकांच्या सवयींतून उत्पन्न होणारे कर्करोग, आणि त्यात भारतातील तीन नवे प्रकार वर्णिलेले होते. त्यांतील एक होता 'धोती कॅन्सर'. धोतर चार-पाच वार लांब. ते कमरेला घट्ट आवळून वर्षानुवर्षे एकाच रेषेवर नेसावयाचे, दिवसा तेच आणि रात्रीही तेच. हवा दमट किंवा उष्ण, घाम सतत, आणि घामाबरोबर धूळ. त्या रेषेवर कातडी प्रथम काळवंडते व जाड होते. मग खवले सुटतात. मग कातडीचा रंग जाऊन पांढुरका पट्टा उमटतो. खाज येते, खाजविले की सोलवटते. भरते, पुन्हा सोलवटते. अशी वीस-तीस वर्षे गेल्यावर त्यातल्या एखाद्या जखमेच्या कडा वर येतात, कठीण होतात आणि ती भरावयाची थांबते.

येथे कोणाच्या मनात असे येईल की, हा तर आपल्या पोशाखावर आळ झाला. तसे नाही. धोतरात दोष नाही, कापसात तर नाहीच नाही. ज्या वऱ्हाडने निम्म्या जगाला कापूस पुरविला त्या वऱ्हाडात तरी असे कोणी म्हणू नये. दोष आहे तो एकाच जागी, एकाच घट्टपणाने, जन्मभर बसणाऱ्या आवळणीचा. तोच पट्टा रुंद असता, गाठ सैल असती, किंवा रोज बोटभर वरखाली झाली असती, तर कातडीला उसंत मिळाली असती. रोगाला पोशाखाचे नाव मिळाले की लोक पोशाख टाकतात आणि सवय तशीच ठेवतात, ही या नावातली खरी अडचण आहे.

झालेही तसेच. पुरुषांचे धोतर गेल्या पन्नास-साठ वर्षांत झपाट्याने मागे पडले आणि त्याबरोबर धोतराचा कर्करोगही पुस्तकात राहिला. परंतु स्त्रियांचे लुगडे आणि साडी टिकून राहिली, आणि साडीखालच्या परकराची नाडी तर धोतरापेक्षाही अरुंद. तेव्हा मुंबईच्या डॉक्टरांच्या लिखाणात या शतकात 'साडी कॅन्सर' हा शब्द आला यात नवल नाही. यापुढील गोष्ट तर आपल्या शेजारची आहे. वर्धा नदी ओलांडली की वर्धा जिल्हा. तेथे सावंगी (मेघे) येथील जवाहरलाल नेहरू वैद्यकीय महाविद्यालयातील डॉक्टरांनी, बिहारमधील मधुबनी येथील सहकाऱ्यांसह, २०२४ साली 'बीएमजे केस रिपोर्ट्स' या नियतकालिकात दोन स्त्रियांची हकीगत प्रसिद्ध केली. पहिली सत्तर वर्षांची, नऊवारीखाली घट्ट परकर बांधणारी. कमरेच्या बाजूला दीड वर्षापासून जखम, आणि जखमेभोवतीची कातडी रंग गेलेली. दुसरी साठीच्या अखेरची. ती चाळीस वर्षे रोज लुगडे नेसत आलेली, आणि परकराशिवाय. लुगडेच कमरेला घट्ट आवळून. दोघींच्याही जखमेचा तुकडा तपासला तेव्हा कर्करोग निघाला. दुसरीच्या बाबतीत तो जांघेतील गाठीत उतरलेला होता. डॉक्टरांनी त्यात 'साडी' ऐवजी 'परकर' या शब्दाकडे लक्ष वेधले, कारण खरा घर्षणाचा काच नाडीचा असतो. पण त्याच लेखातील दुसऱ्या बाईने परकर कधी वापरलाच नव्हता, हे लक्षात घेतले म्हणजे नाव कोणतेही द्या, काच तोच, असे म्हणावे लागते.

श्रोतेहो, ही जखम ज्या कुळातली आहे त्या कुळाचाही एक जुना इतिहास आहे. १८२८ साली पॅरिसच्या मार्जोलॅं या शल्यविशारदाने जुन्या व्रणांवर चढणाऱ्या मांसल वाढीचे वर्णन केले. ती कर्करोगाची असते हे त्याच्या ध्यानात आले नव्हते. १९०३ साली डा कोस्टा यांनी अशा कर्करोगाला त्याचे नाव दिले. जुना भाजलेला डाग, हाडातून वर्षानुवर्षे वाहणारा नासूर, न भरणारा पायाचा व्रण, यांतून पुष्कळ वर्षांनी, सरासरीने तीसेक वर्षांनी, कर्करोग उठू शकतो. असे का होते? कातडी तुटते तेव्हा ती भरून काढण्यासाठी पेशी भराभर विभागतात. हे काम चार दिवसांचे असले तर ठीक. ते तीस वर्षे अखंड चालू राहिले तर विभागणाऱ्या पेशींत चूक होण्याचा संभव वाढत जातो. शिवाय व्रणाच्या घट्ट वणात रक्ताचा व लसिकेचा प्रवाह कमी असल्यामुळे शरीराचे पहारेकरी तेथे नीट पोचत नाहीत. आपल्या सुश्रुताने अर्बुदाचे वर्णन करताना ती गाठ स्थिर, मंद वेदनेची, खोल मुळाची, हळू वाढणारी आणि न पिकणारी असते असे म्हटले आहे. त्यातील 'मंद वेदनेची' आणि 'न पिकणारी' ही दोन लक्षणे आजच्या डॉक्टरनेही रोग्याला समजावून सांगावीत इतकी नेमकी आहेत.

भाजलेल्या डागांचा विषय निघाला म्हणून मेळघाटाचा उल्लेख करतो. अमरावती जिल्ह्याच्या या डोंगराळ भागात कोरकू मुलांच्या पोटफुगीवर तापलेल्या विळ्याने किंवा सळईने पोटाला चटके देण्याची रीत आहे. तिला डंबा म्हणतात, आणि भूमका किंवा घरातील वडीलधारी बाई ते चटके देते. वर्तमानपत्रांतून अशा बातम्या अजूनही येतात. अशा प्रत्येक डागातून पुढे कर्करोग होतो असे मुळीच नाही. लहान, एकदाच भाजून नीट भरलेला डाग बहुधा जन्मभर शांत राहतो. धोका असतो तो मोठ्या, ताणलेल्या आणि पुन्हापुन्हा फुटणाऱ्या वणाचा. डंबाने होणारे तातडीचे नुकसान, म्हणजे जखम चिघळणे आणि खऱ्या आजाराला औषध मिळण्यास उशीर होणे, हेच ती रीत बंद करण्यास पुरेसे कारण आहे.

वऱ्हाडात या न भरणाऱ्या जखमेला सर्वांत जवळून ज्यांनी ओळखले, ते कुष्ठरोग्यांची सेवा करणारे लोक होते. अमरावतीच्या डॉ. शिवाजीराव पटवर्धनांनी १९४६ साली विदर्भ महारोगी सेवा मंडळ स्थापन केले आणि गावाबाहेर तपोवन उभे केले. होमिओपॅथीचा उत्तम चालणारा व्यवसाय बाजूला ठेवून त्यांनी हे काम पत्करले. १९५९ साली त्यांना पद्मश्री मिळाली. अचलपूरजवळ कोठारा येथील कुष्ठरोग्यांचे मिशनचे रुग्णालयही आपल्याच जिल्ह्यातले. या ठिकाणी येणाऱ्या माणसांच्या तळपायांना भोके पडलेली असत. लोक म्हणत, महारोगाने पाय झडतो. वस्तुतः रोगाचा जंतू पाय खात नाही. तो मज्जातंतू मारतो. पायाला स्पर्श नाही, वेदना नाही. म्हणून काटा रुततो, निखारा चिकटतो, खडा टोचत राहतो, आणि माणूस त्याच पायावर चालत राहतो. वेल्लोरच्या पॉल ब्रँड यांनी गेल्या शतकाच्या मध्यास हे सप्रमाण दाखवून मऊ रबराच्या वहाणांनी व्रण भरून आणले. असे व्रण न भरता वीस-वीस वर्षे राहिले की त्यांतील काहींत पुढे कर्करोग होतो, हे भारतातील कुष्ठरोग रुग्णालयांनी पुष्कळदा नोंदलेले आहे. मऊ तळाची एक वहाण कुष्ठरोग्याचा पाय वाचविते आणि कर्करोगही टाळते. अशी दुहेरी मात्रा औषधांच्या दुकानात मिळत नाही. खानोलकरांनी कर्करोगाबरोबरच कुष्ठरोगातील मज्जातंतूंच्या विकृतीवरही जन्मभर संशोधन केले, हा योगायोग खचित नव्हे.

या सगळ्या हकीगतींत एक गोष्ट समान आहे. रोगी उशिरा येतो. कारणे शोधावयास लांब जावे लागत नाही. जखम दुखत नाही. कमरेची जागा बाई परक्या पुरुषाला दाखवीत नाही. पुष्कळदा नवऱ्यालाही सांगत नाही. हळद, कडुनिंबाचा पाला, दुकानातले जस्ताचे मलम, मग ओळखीच्या कंपाउंडरने दिलेली पांढरी ट्यूब, यांत वर्ष निघून जाते. सोयाबीन काढावयाचे असते, कापूस घरात यावयाचा असतो, मुलीचे लग्न असते. आणि एक समजूत तर शिकलेल्या घरांतही आहे: 'सुरी लागली की कॅन्सर पसरतो.' हे खोटे आहे. जखमेच्या कडेचा ज्वारीच्या दाण्याएवढा तुकडा, जागा बधिर करून, पाच-दहा मिनिटांत काढतात. त्याने रोग पसरत नाही, रोग आहे की नाही हे कळते. महिना-दीड महिन्यात न भरलेली कातडीवरील कोणतीही जखम, आणि पूर्वी शांत असलेल्या वणाची वर येऊ लागलेली कड, एवढ्या दोन गोष्टींसाठी डॉक्टरला तुकडा तपासा असे आपण होऊन सांगण्यास हरकत नाही. गाठ लहान असताना ती भोवतालच्या निरोगी कातडीसह कापून काढली की बहुतेक रोगी बरे होतात. जांघेत किंवा बगलेत उतरल्यावर तेच काम अवघड, खर्चाचे आणि अनिश्चित होते. कमरेवर खाज आणि पांढुरका पट्टा दिसू लागला तर त्याआधीच उपाय आहे: अरुंद नाडीच्या जागी रुंद पट्टी, घट्टपणा कमी, गाठीची जागा रोज बदलती, आणि घरात असताना काही वेळ सैल वस्त्र. काळा दोरा किंवा करदोटा घट्ट बांधणाऱ्यांनीही हे आपल्याविषयीच म्हटले आहे असे समजावे.

हे सर्व आता आपल्या भागातच होऊ शकते. अमरावतीला आणि अकोल्याला वैद्यकीय महाविद्यालये आहेत, पलीकडे सावंगी आणि सेवाग्राम आहे. नागपूरच्या कर्करोग रुग्णालयाला राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांचे नाव आहे. मोझरीच्या या संताचा १९६८ साली कर्करोगानेच अंत झाला. पण पूर्वी वऱ्हाडातील माणसाला कर्करोग म्हटला की परळ हाच एक मार्ग ठाऊक होता, आणि आजही पुष्कळ जण त्याच मार्गाने जातात. सायंकाळी अमरावतीहून निघणारी गाडी बडनेरा, मूर्तिजापूर, अकोला असे करीत रात्रभर धावते आणि सकाळी मुंबईस पोचते. हातात तपासणीच्या कागदांची पिशवी घेतलेली नवराबायको त्यांत बहुधा असतातच. मुंबईत दादरला एक धर्मशाळा आहे. टाटा रुग्णालयात उपचारासाठी आलेले गरीब रोगी आणि त्यांची माणसे तेथे नाममात्र खर्चात राहतात, तेथेच जेवतात. तिला गाडगे महाराजांचे नाव आहे: शेंडगावात जन्मलेल्या, आणि १९५६ साली अमरावतीजवळच ज्यांनी देह ठेवला, त्या महाराजांचे.